बोलेरोची मागची चाकं आणि आमचा हिवाळा

नागपूरकर उन्हाळ्याची तयारी होळीच्या आधीच सुरू करतो. कूलरच्या ताट्या बदलतात, गाडीच्या एसीत गॅस भरून होतो, माठ येतो. हिवाळ्यासाठी मात्र ट्रंकेतले स्वेटर गच्चीवर उन्हात टाकले की झालं. गाडीलाही हिवाळ्याची वेगळी तयारी लागते असं इथे कुणाला सांगितलं, तर समोरचा आधी हसतो आणि मग विचारतो, "नागपुरात? काहून?"

वर्षानुवर्षं मी एक लहान हॅचबॅक चालवली. तिची पुढची चाकं गाडी ओढायची, आणि दव असो की पाऊस, तिने कधी कुरकुर केली नाही. मग गुडघ्यांमुळे सासऱ्यांनी गाडी चालवणं सोडलं आणि काटोलच्या संत्र्याच्या मळ्यात राबलेली त्यांची बोलेरो आमच्या मनीषनगरच्या पार्किंगमध्ये येऊन उभी राहिली. नवऱ्याला गाडी चालवण्यात कधीच रस नव्हता, त्यामुळे ती आपसूक माझी झाली. त्याच हिवाळ्यात लेकीने बर्फ बघायचा हट्ट धरला. मनालीला विमान आणि टॅक्सीने जाता येतं हे मला घरातल्या प्रत्येकाने सांगितलं. मला गाडी घेऊनच जायचं होतं.

आपल्याकडच्या बहुतेक लहान गाड्यांत इंजिनची ताकद पुढच्या चाकांना जाते. १९८३ मध्ये मारुती ८०० आली, तेव्हापासून हेच रूढ होत गेलं. त्याआधीच्या ॲम्बेसेडर आणि पद्मिनी मागच्या चाकांवर चालायच्या. बोलेरो, स्कॉर्पिओ, इनोव्हा क्रिस्टा, इको या गाड्यांत ताकद अजूनही मागेच जाते: इंजिन पुढे, तिथून गाडीच्या पोटाखालून लांब शाफ्ट, मागे हौजिंग म्हणजे ताकद दोन्ही चाकांत वाटणारा गिअरचा डबा, आणि हौजिंगमधून दोन्ही चाकांना फिरवणारे एक्सल. ओझं वाहायला ही रचना उत्तम. मागे माल भरला की वजन नेमकं ढकलणाऱ्या चाकांवर येतं. अडचण रिकाम्या गाडीची. संत्र्याचे क्रेट उतरवले की बोलेरोची मागची बाजू हलकी, खालचे पाटे ताठ, आणि रस्ता ओला असला की जी चाकं गाडी ढकलतात तीच सगळ्यात आधी पकड सोडतात. पुढच्या चाकांची गाडी घसरली तर बहुतेक वेळा वळायचं सोडून सरळ जाते. ही घसरली तर मागून बाहेर येते, आणि तेव्हा घाबरून जे करावंसं वाटतं त्यातलं जवळजवळ सगळं चुकीचं असतं.

नागपुरात बर्फ पडत नाही, पण थंडी काही लुटुपुटूची नसते. २९ डिसेंबर २०१८ ला इथे पारा ३.५ अंशांवर उतरला होता. एरवीही डिसेंबर-जानेवारीतल्या पहाटे रस्त्यांवर दव असतं. शहरभर झालेल्या सिमेंटच्या रस्त्यांवर दिवसभराची धूळ आणि गाड्यांचं सांडलेलं तेल असतं. त्यावर दव पडलं की एक पातळ चिकट थर तयार होतो. पाऊस निदान धुऊन तरी नेतो, दव नुसतं भिजवतं. त्यात दुभाजकातल्या झाडांना पाणी घालणारा टँकर नुकताच पुढे गेलेला असतो. उड्डाणपुलांवरच्या लोखंडी सांध्यांच्या पट्ट्या आणि झेब्रा क्रॉसिंगचा पांढरा रंग तर या सगळ्यात बेभरवशाचे. अशाच एका पहाटे लेकीला शिकवणीला सोडायला जाताना, चौकात वळता वळता मी दुसऱ्या गिअरमध्ये जरा रेस दिली, आणि गाडीची मागची बाजू वीतभर बाजूला सरकून परत जागेवर आली. लेकीला कळलंही नाही. मला कळलं.

आमच्या बिल्डिंगच्या तळमजल्यावर एसटीतून निवृत्त झालेले काका राहतात. गणेशपेठ आगारात त्यांची नोकरी गेली, चिखलदऱ्याचा घाट त्यांनी पावसात आणि धुक्यात उतरवलेला. एसटीची लाल बसही मागच्याच चाकांवर चालते. त्यांना सकाळचा प्रकार सांगितला तर त्यांनी आधी टायर पाहिले, मग मला.

"तुह्या जुन्या गाडीत हातानं भागत होतं," ते म्हणाले. "ह्या गाडीले उजवा पाय बी वळवते. रेस जास्त झाली का मागचं बूड निंगालंच बाहेर."

मला जे काही शिकता आलं त्याचं सार या एका वाक्यात आहे, पण ते पायाला समजायला बराच वेळ लागला.

नागपूरच्या चहूबाजूंनी शेतांचे लेआऊट पडलेत. दगडी खुणा, एक भला मोठा फलक, मुरमाचे रस्ते आणि औषधालाही घर नाही. बेसा-पिपळ्याकडच्या अशाच एका लेआऊटच्या मालकाशी काकांची ओळख होती. त्याची परवानगी घेतली आणि मधल्या मोकळ्या जागेत टँकरने पाणी मारून घेतलं. ओला मुरूम आणि खालची काळी माती मिळून जो चिखल होतो, त्यावर वीसच्या वेगातही गाडी घसरते. हेच हवं होतं. चूक झाली तरी धडकायला काही नाही, आणि वेग इतका कमी की गाडी उलटायचा प्रश्न नाही. असला सराव चालत्या रस्त्यावर कुणी करू नये, रस्ता कितीही रिकामा दिसो.

पहिला धडा जागेवरून निघण्याचा. पहिल्या गिअरमध्ये चाकाला जोर फार मिळतो, म्हणून निसरड्यावर दुसऱ्या गिअरमध्ये, क्लच अगदी सावकाश सोडत आणि रेस जवळजवळ न देता निघायचं. चाक जागेवर फिरायला लागलं की आणखी रेस देण्याचा मोह होतो. उलट पाय उचलायचा. माझ्या बोलेरोच्या हौजिंगला दोन्ही चाकं एकत्र फिरवणारं लॉक नाही, त्यामुळे एका चाकाखाली चिखल आला की ते एकटंच भिरभिरतं आणि दुसरं ढिम्म उभं राहतं. रेस वाढवली तर फक्त खड्डा वाढतो.

मग ब्रेक. गाडीत एबीएस आहे. जोरात ब्रेक दाबला की पायाखाली पेडल थडथडतं, खालून करकर आवाज येतो. अशा वेळी नव्या माणसाचा पाय दचकून सुटतो. काकांनी मला ते थडथडणं पुन्हा पुन्हा अनुभवायला लावलं, पाय दाबलेला ठेवून. एबीएस चाकं लॉक होऊ देत नाही, त्यामुळे गाडी वळवता येते. गाडी लवकर थांबते असं मात्र नाही. मुरमावर ती उलट लांब जाऊन थांबली.

खरा धडा गोल फिरण्याचा होता. दुसऱ्या गिअरमध्ये मोठं वर्तुळ धरायचं आणि केसाकेसाने रेस वाढवायची. एका क्षणी स्टेअरिंग तेवढंच असूनही गाडीचं नाक आत वळायला लागतं. बसल्या जागी, कंबरेला कळतं की मागची बाजू निघाली. डोळ्यांना हे नंतर दिसतं. तिथे तीन गोष्टी एकदम करायच्या: रेस सैल करायची, पण पाय झटक्यात उचलायचा नाही. ब्रेकला हात म्हणजे पायही लावायचा नाही. आणि जिकडे जायचंय तिकडे बघत स्टेअरिंग तिकडेच फिरवायचं, म्हणजे मागची बाजू उजवीकडे गेली तर स्टेअरिंगही उजवीकडे. क्लच दाबला तर चाकांवरचा इंजिनचा ताण सुटतो, तेही चालतं.

"खांबाकडे पाहू नको," काका ओरडायचे. "ज्याच्याकडे पाहशील त्याच्यावरच जाशील."

गाडी सावरते इथवर बहुतेक जण सांगतात. पुढचं कमी लोक सांगतात. सावरलेली गाडी सरळ होत असतानाच स्टेअरिंगही सरळ व्हायला हवं. अर्धा सेकंद उशीर झाला तर ती दुसऱ्या बाजूला जाते, आणि हा दुसरा हेलकावा पहिल्यापेक्षा जोराचा असतो. सुरुवातीला मला हाच झेपेना. स्टेअरिंग फिरवायचे हात चालायचे, परत आणायचे हात थबकायचे. शेवटी काकांनी स्टेअरिंग घट्ट धरू नको, तळव्यातून सरकू दे, असं सांगितलं आणि ते जमलं. चाकं आपणहून बऱ्यापैकी सरळ होऊ पाहतात, त्यांना अडवलं नाही की पुरतं.

एकाच वेळी ब्रेक आणि वळण नको, हे शिकवताना त्यांनी पगाराचं उदाहरण दिलं. "टायरची पकड म्हंजे महिन्याचा पगार. सारा ब्रेकले देऊन टाकला, त वळाले काय देशील? अन् आमचा एसटीचा पगार तुले माहीतच आहे." म्हणून वेग कमी करायचा तो सरळ रस्त्यावर, वळणाच्या आधी. वळताना पाय शांत. गाडी सरळ व्हायला लागली की मग रेस. कोरड्या रस्त्यावर पगार एवढा असतो की उधळपट्टी खपून जाते.

इंजिन ब्रेकचा धडा मात्र मला अगदी नवीन होता. ज्या गिअरने चढ चढलात त्याच गिअरने उतरा, हे आपण घाटात ऐकत आलोय आणि ते बरोबरच आहे. पण मागच्या चाकांच्या गाडीत इंजिनचा सगळा रोध मागच्याच चाकांवर येतो. निसरड्या उतारावर तिसऱ्यातून दुसऱ्यात घेतलं आणि क्लच पटकन सोडला, तर मागची चाकं क्षणभर अडतात आणि गाडी मागून सरकते. तिथे एबीएस कामाला येत नाही, कारण ते ब्रेकचा दाब सोडतं, इंजिनचा नाही. म्हणून गिअर उताराच्या आधीच खाली आणायचा आणि क्लच सोडताना हलकीशी रेस द्यायची, म्हणजे इंजिन आणि चाकं यांचा वेग जुळतो. हँडब्रेकही मागच्याच चाकांवर असतो. घसरत असताना तो ओढणं म्हणजे उरलीसुरली पकड सोडून देणं.

नंतर आम्ही मागे वजन टाकून तेच सगळं पुन्हा केलं. वजन म्हणजे रेती, कन्हान नदीची. नागपुरात बांधकाम करणाऱ्याला दुसरी रेती चालत नाही, मग मला तरी का चालावी. लहान पोत्यांत भरून, तोंडं शिवून, मागच्या एक्सलच्या वर येतील अशी ठेवली आणि पट्ट्याने आवळली. फार मागे, दरवाजाला टेकवून ठेवली तर पुढची चाकं हलकी होतात आणि गाडी वळायला कुरकुरते. सुटी ठेवली तर जोराच्या ब्रेकला ती पुढे येऊन मानेवर बसतात. फरक लगेच जाणवला: त्याच चिखलात, तेवढ्याच रेसवर चाकं फिरेनाशी झाली. पण वजन वाढलं म्हणजे थांबवायची गाडीही जड झाली. माझं मत विचाराल तर रेती हा दुय्यम उपाय. पहिला उपाय टायर.

मागचे टायर पार गोटा झाले होते. कायद्याने खाचांची खोली किमान १.६ मिलिमीटर हवी, पण ओल्या रस्त्यावर तेवढ्याने भागत नाही. तीन-चार मिलिमीटरच्या खाली गेलेला टायर हिवाळ्याच्या प्रवासाला मी तरी नेणार नाही. टायरवाल्याचा आग्रह दोनच नवीन घ्या आणि पुढे लावा असा. पुढे नवीन, मागे जुने ही आपल्याकडची सार्वत्रिक पद्धत. ती उलटी हवी. पुढची पकड सुटली तर गाडी सरळ जाते आणि वेग कमी केला की बहुधा परत ताब्यात येते. मागची सुटली तर ती फिरते. मी चारही बदलले. शिवाय हवा. तापमान पाच-सहा अंशांनी उतरलं की टायरमधला दाब साधारण एक पीएसआयने कमी होतो. नागपुरात दुपारी २८ अंशांत हवा भरून मनालीत पहाटे उणे दोनमध्ये गाडी काढली, तर पाचेक पीएसआय कुठे गेले ते कळत नाही. म्हणून हवा सकाळी, गार टायरमध्ये, आणि वर पोचल्यावर पुन्हा.

कूलंटचा प्रकार खास आपल्याकडचा. सासऱ्यांच्या मळ्यावर रेडिएटरमध्ये वर्षानुवर्षं विहिरीचं पाणी पडत आलेलं. नागपूरला ते चालून जातं, पण गोठताना पाणी फुगतं आणि इंजिनचा ब्लॉक तडकू शकतो. सगळं काढून, धुऊन, कूलंट आणि शुद्ध पाणी निम्मं-निम्मं भरून घेतलं. ते मिश्रण उणे पस्तीसच्याही खाली जाईपर्यंत गोठत नाही. बॅटरी तपासली, कारण थंडीत तिची ताकद घटते आणि घट्ट झालेल्या तेलामुळे इंजिन फिरवायला जोर मात्र जास्त लागतो. सकाळी चावी फिरवल्यावर हीटर कॉइलचा पिवळा दिवा विझेपर्यंत थांबायचं, मगच सेल्फ मारायचा, ही सवय मी नागपुरातच लावून घेतली.

बर्फावर पकड मिळावी म्हणून टायरवर चढवायच्या लोखंडी साखळ्या, म्हणजे चेन, लावण्याचा सराव पार्किंगमध्ये केला. साइझ टायरच्या कडेवर लिहिलेला असतो, माझ्या गाडीला २१५/७५ आर १५, आणि तोच साइझ चेनच्या डब्यावर हवा. नोव्हेंबरच्या एका संध्याकाळी मी टायरपाशी उकिडवी बसलेली पाहून वॉचमन आला. "मॅडम, गाडी बांधून ठेवून राहिल्या का? चोर येऊन राहिले काय?" मग बिल्डिंगमधली पोरं जमली आणि प्रत्येकाने एक एक सल्ला दिला.

काम दिसतं तेवढं सोपं नाही. चेन आधी जमिनीवर पसरून कुठे पीळ पडलाय का ते बघायचं. मग ती टायरवरून टाकायची आणि आतल्या बाजूचा आकडा आधी अडकवायचा. तो दिसत नाही, हाताने चाचपून लावावा लागतो. पाट्याच्या आणि ब्रेकच्या नळीच्या मध्ये मनगट जेमतेम शिरतं आणि बोटांना फक्त काळं ग्रीस लागतं. नंतर बाहेरचा आकडा, मग ताण देणारी साखळी ओढून घट्ट. गाडी थोडी पुढे नेली की चेन सैल पडते, ती पुन्हा आवळायची. लोकरीचे हातमोजे घालून करून पाहिलं, तर आकडा सटकतो. रबरी तळव्याचे मोजे घेतले. चेन मागच्या चाकांना लावायची, कारण ढकलणारी चाकं ती आहेत. पुढे लावली तर वळेल छान, पण चढणार नाही. आणि मागे लावली तरी वळवणारी पुढची चाकं उघडीच असतात, हे उतारावर विसरायचं नाही.

धुक्याचा सराव जबलपूर रोडवर झाला. पहाटे कामठी ओलांडली की कन्हानच्या पुलावर नदीची वाफ रस्त्यावर उतरलेली असते. पुढे मनसर, देवलापारपर्यंत शेतांवरचं धुकं सोबत करतं. हाय बीम लावला की समोर पांढरी भिंत उभी राहते, कारण उजेड थेंबांवर आपटून आपल्याच डोळ्यांत येतो. लो बीम आणि खालचे फॉग लॅम्प, एवढंच. चालत्या गाडीचे चारही इंडिकेटर लावून ठेवण्याची आपल्याकडे फॅशन आहे. त्यामुळे मागच्याला वाटतं गाडी उभी आहे, आणि तुम्ही वळणार आहात हे कळायचा मार्गच उरत नाही. काचेला आतून बाष्प धरलं तर एसी चालू करून वारा समोरच्या काचेवर सोडायचा, बाहेरची हवा आत घेत. फडक्याने पुसत बसू नये.

वेगाचा हिशेब काकांनी घालून दिला. ताशी ६० म्हणजे सेकंदाला सुमारे १७ मीटर. समोरचं तीस मीटर दिसत असेल, तर दोन सेकंदांत तुम्ही तिथे असता. जेवढं दिसतं तेवढ्यात थांबता आलं पाहिजे, मग मागचा कितीही हॉर्न वाजवो. या दिवसांत जिनिंगकडे निघालेल्या कापसाच्या ट्रॉल्या असतात, दोन्ही बाजूंनी फुगलेल्या, मागे दिवा नाही की रिफ्लेक्टर नाही. पांढरा कापूस पांढऱ्या धुक्यात. मनसरच्या अलीकडे एक ट्रॉली अचानक समोर आली तेव्हा मी पस्तीसवर होते, सरळ रेषेत ब्रेक लागला आणि मागची बाजू जागची हलली नाही. काका काही बोलले नाहीत, म्हणजे ठीक झालं होतं. शेतातून रस्त्यावर येणारे ट्रॅक्टर चाकांना लागलेली ओली माती डांबरावर सोडून जातात, तीही त्यांनीच दाखवली. डांबराचा काळा रंग तपकिरी झाला की पाय सैल.

जानेवारीत निघालो. आग्र्यापासून अंबाल्यापर्यंतच्या धुक्यापुढे आपलं मनसरचं धुकं म्हणजे काहीच नाही. सकाळी दहाच्या आधी गाडी काढायची नाही आणि अंधार पडायच्या आत थांबायचं, एवढा एक नियम पाळला आणि तो भाग निभावला. डिझेल मैदानात टाकी फुल करून नेलं नाही. साध्या डिझेलमध्ये कडाक्याच्या थंडीत मेणासारखे कण धरून फिल्टर तुंबतो, म्हणून वर गेल्यावर तिथल्या पंपावरच भरलं.

मनालीच्या पुढचा अटल बोगदा बघायचाच होता. ९.०२ किलोमीटरचा हा बोगदा ३ ऑक्टोबर २०२० ला खुला झाला आणि पलीकडच्या लाहौलचा हिवाळ्यातला रस्ता सुरू राहू लागला. पण ताजा बर्फ असला की पोलीस वर फक्त फोर बाय फोर, म्हणजे चारही चाकांना ताकद जाणाऱ्या गाड्या सोडतात. आम्हालाही सोलांगपाशी थांबवलं. चेन आहेत म्हणून वाद घालणारे दोघं-तिघं होते. मी गाडी कडेला लावली आणि तिथल्याच एका फोर बाय फोरवाल्याशी भाव ठरवला. तो गडी वाटेत मोलाचं बोलला. पांढऱ्या बर्फाला कुणी फसत नाही, तो दिसतो. फसवतं ते सावलीतलं वळण. दुपारी वितळलेलं पाणी रस्त्यावर येतं, ऊन गेलं की गोठतं, आणि डांबर नुसतं ओलं दिसतं. ओल्या रस्त्यावर टायरचा जो सरसर आवाज येतो तो अचानक थांबला की समजायचं, खाली पाणी नाही, बर्फ आहे. तो स्वतः चारच्या आत खाली यायच्या घाईत होता.

बोलेरोची परीक्षा झाली मनालीजवळच्या जगतसुखला, आम्ही उतरलो होतो त्या घराच्या चढावर. रात्री बर्फ पडणार असं घरमालकांनी सांगितलं होतं, म्हणून हँडब्रेक न ओढता गाडी पहिल्या गिअरमध्ये ठेवली आणि चाकांना दगड लावले. ओला हँडब्रेक गोठला तर सकाळी चाकं सुटत नाहीत. वायपर काचेपासून उचलून ठेवले. सकाळी बघितलं तर टपावर वीतभर थर. तो आधी झाडला, नुसती काच साफ करून चालत नाही, कारण पहिल्या ब्रेकला टपावरचा सगळा बर्फ घसरून काचेवर येतो. चेन लावायला बसले तेव्हा पार्किंगमधलं ग्रीस आठवलं. इथे बोटं बधिर, पण आतला आकडा डोळे मिटूनही लागला. मागचं डावं चाक मात्र निघताना जागेवरच फिरायला लागलं. पाय उचलला, उतरले, एका पोत्याची शिवण उसवली आणि कन्हानची रेती चाकापुढे पसरली. दुसरा गिअर, क्लच सावकाश. गाडी निघाली.

उतार जेमतेम दोनशे मीटरचा, मध्ये एक वळण. गिअर वरच खाली आणला होता. वळणाच्या आधी ब्रेक सोडला, वळताना पाय शांत ठेवला. मागची बाजू थोडी निघालीच. कंबरेला कळलं, हात तिकडे गेले, परतही आले. मागे बसलेला नवरा फोनवर बर्फाचा व्हिडिओ काढत होता, त्यात हा प्रकार दिसतसुद्धा नाही. मुख्य रस्ता मोकळा होता, तिथे लगेच चेन काढल्या. कोरड्या डांबरावर चेन लावून पळवली तर टायर आणि चेन दोन्ही जातात, आणि बर्फावरही तीस-चाळीसच्या वर न्यायच्या नसतात.

परत आल्यावर चेन साध्या पाण्याने धुतल्या, वाळवल्या, तेलाचा हात फिरवला आणि माळ्यावर कूलरच्या जुन्या ताट्यांशेजारी ठेवल्या. उरलेली रेती समोरच्या बांधकामावरचा मिस्त्री घेऊन गेला, एक पोतं उसवलेलं का म्हणून त्याने विचारलंही नाही. दवाच्या सकाळी शिकवणीला जाताना चौकात आता मी वळणं पूर्ण होईपर्यंत रेसला पाय लावत नाही. मागचे ऑटोवाले हॉर्न वाजवतात.

गेल्या महिन्यात एका मैत्रिणीने इलेक्ट्रिक गाडी घेतली. महिंद्राच्या बीई ६ आणि एक्सईव्ही ९ई या गाड्यांची मोटर मागेच आहे, म्हणजे फिरून आम्ही मागच्या चाकांवर आलो. मोटरचा जोर पायाचा स्पर्श होताच सगळा एकदम येतो, आणि पाय उचलला की बॅटरी भरणारा रोध पुन्हा मागच्याच चाकांवर पडतो. गाडी मागून सरकली तर सावरणारी इलेक्ट्रॉनिक यंत्रणा गाडीत आहे, त्यामुळे मैत्रिणीला हे सगळं अनावश्यक वाटतं. मी तिला ओल्या सकाळी तो रोध सर्वांत कमी पायरीवर ठेवायला सांगितलंय आणि काकांना लेआऊटवाल्याला विचारायला. काका तयार आहेत. टँकरचे पैसे या खेपेला ती देणार आहे.